बँकेतला संगीतकार

शीवचा पूल २०२४च्या ऑगस्टमध्ये वाहनांसाठी बंद झाला आणि माझ्या ऑफिसच्या प्रवासात रोज वीसेक मिनिटांची भर पडली. त्या वाढीव वेळात मी आनंद मोडक ऐकायला लागलो. त्याआधी महिनाभर राजीनाम्याचा मेल लिहून ड्राफ्टमध्ये ठेवला होता. एका मित्राच्या शॉर्टफिल्मचं पार्श्वसंगीत मी केलं होतं, चार जणांना ते आवडलं होतं, आणि आता कोडिंग सोडून हेच करायचं असं डोक्यात बसलं होतं.

'चौकट राजा'ची गाणी आईला पाठ आहेत. "अरे, ते मोडक बँकेत होते," मेथी निवडता निवडता ती म्हणाली. मुद्दामच म्हणाली असणार.

होतेच. अकोल्याचे मोडक पुण्यात बँक ऑफ महाराष्ट्रमध्ये नोकरी करत. 'महानिर्वाण'ला (१९७४) त्यांचं संगीत. त्यात मेलेला माणूस स्वतःच कीर्तन करतो. १९७९ साली '२२ जून १८९७' हा पहिला चित्रपट. पुढे 'चौकट राजा', 'एक होता विदूषक', 'मुक्ता', आणि 'दोघी', ज्यातल्या गाण्यासाठी अंजली मराठेला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. कीर्तन, लावणी, ओवीच्या वळणाचं काहीतरी; प्रत्येक ठिकाणी माणूस वेगळाच वाटतो. इतकं काम करूनही रस्त्यावरच्या दहा जणांना विचारलं तर नऊ जण गाणं ओळखतील, नाव नाही.

मी सगळ्यात जास्त वेळा ऐकलं ते 'हरिश्चंद्राची फॅक्टरी' (२००९). फाळक्यांनी 'राजा हरिश्चंद्र' इथे जवळच, दादरला चित्रित केला आणि १९१३ साली तो गिरगावात कॉरोनेशनला लागला. मुका सिनेमा. त्या मुक्या सिनेमावरच्या बोलक्या सिनेमाला मोडकांनी खेळकर, चालतं-फिरतं संगीत दिलंय. फाळक्यांवर ओझं टाकणारं नाही. ते ऐकून घरी येऊन मी माझी फाइल उघडली. चौदा मिनिटांच्या फिल्ममध्ये नऊ मिनिटं व्हायोलिनचं पॅड सलग वाजत होतं. नायिका नुसती चहा गाळतेय, तरी पॅड! ते चार जण सभ्य होते.

आईला वाटतं मोडकांच्या उदाहरणाने प्रश्न सुटला. मला तसं वाटत नाही. मराठी सिनेमाच्या पैशावर घर चालणं कठीण, म्हणून नोकरी. त्यात साधनेची गोष्ट शोधायला मी तयार नाही. शिवाय त्यांच्या खातेवह्या रात्री घरी येत नसणार. माझा सर्व्हर पहाटे तीनला पडतो आणि फोन मलाच येतो.

मोडक २०१४च्या मे महिन्यात गेले. मेल अजून ड्राफ्टमध्येच आहे. गेल्या रविवारी मी पॅड काढत काढत दोन मिनिटांवर आणलं. चहाच्या प्रसंगात आता फक्त गाळणी भांड्यावर आपटल्याचा आवाज आहे. मित्र म्हणाला, "संगीत कुठे गेलं?"