उसाच्या वाटेवर

अहिल्यानगरहून राहुरी, कोल्हारमार्गे शिर्डीकडे जाताना गळीत हंगाम आधी रस्त्यावरच भेटतो. प्रवरानगरच्या सहकारी साखर कारखान्याचे गाळप १९५० साली सुरू झाले. आज या मार्गावर एकेका ट्रॅक्टरमागे उसाने भरलेल्या दोन-दोन ट्रॉल्या डुलत असतात. सारा भार एका लोखंडी पिनेवर असतो. ती निसटली तर मागची ट्रॉली कोठे जाईल, याचा नेम नाही. म्हणून सोबत साखळी हवीच. बँकेच्या भाषेत ती जामीनदार होय. वळणावर मागची ट्रॉली आतल्या बाजूस ओढली जाते, तर उतारावर ती पुढच्या वाहनास ढकलते. रात्री लोंबत्या उसाआड मागचे दिवे झाकले जातात. पेढी बंद करून उशिरा परतणाऱ्या आपल्या बांधवांनी समोर ट्रॅक्टर दिसताच अंतर राखावे आणि रस्ता मोकळा दिसेपर्यंत मागेच थांबावे.