चांदाच्या हिशेबाने सुटणारी होडी

निलंग्याचा माणूस मुंबईला जातो तो बहुतेक दवाखान्यासाठी, नोकरीसाठी किंवा नात्यातल्या लग्नासाठी. काम आटोपलं की मुलांना हाजी अली आणि गेटवे दाखवायचं, आणि रात्रीची लातूर एक्स्प्रेस पकडायची. यंदा मुंब्र्याला नणंदेकडे अकीका होता आणि हाताशी एक अख्खा दिवस मोकळा होता. तो आम्ही ठाणे खाडीतले रोहित पक्षी पाहण्यात घालवला. आपल्या लातूर-नांदेडकडच्या कितीतरी घरांचे नातेवाईक मुंब्रा, कौसा, कळवा, गोवंडी या भागांत राहतात. त्यांच्याकडे जाणं होतच असतं, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

नणंदेला बेत सांगितला तर ती हसायलाच लागली. "भाभी, त्या खाडीत काय बघणार? लोकल खाडीवर आली की आम्ही नाकाला दुपट्टा लावतो!" तिचं खोटं नव्हतं. ठाणे खाडीत शहरांचं सांडपाणी येतं, कारखान्यांचंही येतं, आणि ओहोटीला उघड्या पडलेल्या चिखलाचा वास दूरवर जातो. पण याच खाडीचा मोठा भाग ६ ऑगस्ट २०१५ पासून 'ठाणे खाडी फ्लेमिंगो अभयारण्य' आहे. साधारण सतरा चौरस किलोमीटरचं हे अभयारण्य, त्यात निम्म्याहून जास्त कांदळवन आणि बाकी पाणी व चिखल. मुंब्र्याहून लोकलने ठाणे, तिथून वाशी-पनवेलकडची गाडी धरून ऐरोली, आणि स्टेशनवरून रिक्षा. वन विभागाच्या कांदळवन कक्षाचं किनारी व सागरी जैवविविधता केंद्र ऐरोलीला आहे. होडीची फेरी तिथूनच निघते आणि सोबत माहिती सांगणारी व्यक्ती असते. आधी नोंदणी करावी लागते.

नोंदणीच्या वेळी पहिली अडचण आली ती वेळेची. होडी किती वाजता, असं विचारलं तर ठरलेली वेळ अशी नसतेच. भरती पाहून वेळ ठरते. खाडी उथळ आहे, पाणी उतरलं की होडी चिखलात रुतते. आज दुपारी एकला सुटली तर उद्या त्याच वेळी सुटेलच असं नाही.

आमच्याकडे हे कुणाला लवकर कळेना. ज्या मुलांनी तेरणा नदीला फक्त पावसाळ्यात धड पाणी पाहिलं आणि ज्यांच्या लातूरला २०१६ साली मिरजेहून रेल्वेने पाणी आणावं लागलं, त्यांना पाणी दिवसातून दोनदा आपोआप येतं आणि आपोआप जातं हे सांगितलं तर थट्टाच वाटते. समजावलं ते माझ्या सासूबाईंनी. त्या लहानपणी काही वर्षं रत्नागिरीकडे राहिलेल्या. त्या म्हणाल्या, "अगं, चांदाची तारीख काय आहे ते बघ की!"

आणि खरोखर, सगळी गोष्ट चांदाचीच आहे. अमावास्या आणि पौर्णिमेच्या सुमारास चंद्र, सूर्य आणि पृथ्वी एका रेषेत येतात, दोघांची ओढ एकत्र होते आणि पाणी खूप चढतं, तितकंच खूप उतरतं. कोकणात याला उधाण म्हणतात. मधल्या अष्टमीच्या सुमारास चढउतार कमी, तो भांग. मुंबईच्या किनाऱ्यावर अमावास्या-पौर्णिमेला मोठी भरती साधारण दुपारी बारा-साडेबाराच्या आसपास येते, आणि पुढे रोज सुमारे पन्नास मिनिटांनी मागे सरकत जाते. कोळी लोक तिथीवरून हा हिशेब तोंडी करतात. आपल्या घरात तर हिजरी तारीख भिंतीवर लावलेलीच असते. महिन्याची पहिली ते तिसरी आणि चौदावी ते सतरावी म्हणजे उधाण, सातवी-आठवी आणि बाविसावी-तेविसावी म्हणजे भांग, इतकं लक्षात ठेवलं तरी पुरे. पक्की वेळ अर्थात केंद्रालाच विचारायची. आम्ही गेलो तेव्हा शब-ए-बारात होऊन तीन दिवस झाले होते. पूर्ण भरती दुपारी अडीचच्या पुढे होती, आणि आम्हाला दीडची होडी मिळाली. जोहर वेळेत अदा करून आम्ही जेट्टीवर गेलो.

बायकांसाठी एक सांगायला हवं. जीवरक्षक जाकीट बुरख्यावरून नीट बसतं, पट्टे लांब करून मिळतात. चपला घट्ट पट्ट्याच्या असाव्यात. होडीत चढताना नावाड्यादादांनी सासूबाईंना दोन्ही हातांनी आधार दिला आणि मधल्या बाकावर बसवलं. गुडघे दुखणाऱ्या माणसाने अगोदर सांगून ठेवावं.

सुरुवातीला दोन्ही बाजूंना नुसती तिवराची झाडं. त्यांच्या बुंध्याभोवती चिखलातून पेन्सिलीसारखी हजारो टोकं वर आलेली. ती मुळं आहेत. चिखलात हवा नसते, म्हणून झाड श्वासासाठी मुळं वर काढतं. सोबतच्या ताईंनी चिखलावर उड्या मारणारा एक लहानसा मासा दाखवला, निवटी. पाण्याबाहेर, कल्ले ओले ठेवून, तो खुशाल फिरत होता. माझा धाकटा पुढचा सगळा वेळ तोच शोधत राहिला. रोहित पक्ष्यांकडे त्याने फारसं पाहिलंच नाही, हेही सांगून टाकते. बगळे, शेकाटे, शराटी दिसले. या कांदळवनात कोल्हेही राहतात, पण ते दिवसा दिसणं कठीण.

मग एका वळणानंतर पाण्याच्या कडेला गुलाबी पट्टा दिसला. दुरून वाटलं, कुणी साड्या वाळत घातल्यात. होडीचं इंजिन बंद झालं. भरतीचं पाणी चढत होतं, चिखल कमी होत होता, तसे पक्षी उरलेल्या उथळ जागेत दाटीने सरकत होते. म्हणजे आम्ही त्यांच्याजवळ गेलो नाही, पाण्यानेच त्यांना आमच्याकडे ढकललं. शेकडो माना एकाच वेळी खाली. चोच उलटी करून ते पाणी आत घेतात, जिभेने पंपासारखं बाहेर ढकलतात आणि चोचीतल्या बारीक जाळीत अडकलेलं अन्न गिळतात. लहान रोहित मुख्यतः सूक्ष्म शेवाळ खातो, त्याची चोच गडद लाल. मोठा रोहित उंच, फिकट, चोच गुलाबी आणि टोक काळं. तो कोळंबीसारखे बारीक जीवही खातो. त्यांचा गुलाबी रंग जन्मजात नसतो, या खाण्यातूनच येतो. म्हणून पिल्लं राखाडी असतात, आणि त्या थव्यातही काही राखाडी होती.

नणंद पुटपुटली, "सुबहानल्लाह", आणि दुपट्टा नाकावरून कधी खाली आला ते तिलाही कळलं नसावं. वास होताच. उलट ताईंनी सांगितलं की या वासाचा आणि पक्ष्यांचा संबंध असावा, असं अभ्यासक मानतात. सांडपाण्यातल्या नत्र-स्फुरदावर शेवाळ वाढतं आणि ते खायला पक्षी येतात. मला हे ऐकून बरं वाटलं नाही. घाणीतून सौंदर्य वगैरे म्हणायला सोपं आहे, पण विषारी रसायनं वाढत गेली तर तेच शेवाळ उद्या त्यांना मारेल.

हे पक्षी नव्वदच्या दशकापासून मोठ्या संख्येने मुंबईत येऊ लागले. घरटी करतात ते कच्छच्या रणात, चिखलाचे छोटे बुरूज रचून, आणि एका बुरुजावर बहुधा एकच अंडं. त्या वस्तीला जगात ओळख मिळवून देणाऱ्यांत आपल्या समाजातलं एक नाव आहे, डॉ. सालिम अली. १९४५ मध्ये त्यांनी रणातल्या रोहितांचा अंदाज सुमारे पाच लाख असा मांडला होता. १८९६ मध्ये मुंबईत जन्मलेलं हे मूल लहानपणीच अनाथ झालं आणि मामा अमीरुद्दीन तय्यबजी यांच्याकडे वाढलं. छर्ऱ्याच्या बंदुकीने मारलेल्या एका चिमणीच्या गळ्यावर पिवळा डाग दिसला. अशी वेगळी चिमणी खाणं आपल्याला चालतं का, ही शंका घेऊन ते मामाकडे गेले. मामांनी त्यांना बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीत पाठवलं आणि तिथून एक आयुष्य बदललं. हलाल-हरामचा एका मुलाचा साधा प्रश्न, आणि कुणी त्याला गप्प बसवलं नाही! त्याच सोसायटीने २०२२ मध्ये काही रोहितांच्या पाठीवर उपग्रहाशी जोडलेली यंत्रं बसवली. त्यातल्या एकाचं नाव हुमायून, पक्षितज्ज्ञ हुमायून अब्दुलअली यांच्या आठवणीत. तो गुजरातला जाऊन पुन्हा मुंबईला परतल्याचं त्या यंत्रानेच सांगितलं. कुरआनमध्ये सूरह अल-अनआमच्या ३८ व्या आयतीत पक्ष्यांचा उल्लेख माणसांसारख्याच उम्मती म्हणून आहे. आमच्या मोठीला ही आयत मदरशात पाठ झालेली होती, अर्थ तिला त्या दिवशी होडीत विचारावासा वाटला.

२०२२ मध्येच ठाणे खाडीला 'रामसर' पाणथळाचा दर्जा मिळाला. रामसर हे इराणमधलं, कॅस्पियन समुद्राकाठचं शहर. तिथे १९७१ साली पाणथळ जागा वाचवण्याचा आंतरराष्ट्रीय करार झाला. कांदळवन तोडायला मुंबई उच्च न्यायालयाने २०१८ मध्ये राज्यभर बंदी घातली. कागदावर संरक्षण भक्कम आहे. पण खाडीच्या चारी बाजूंनी भराव, पूल, विजेच्या तारा वाढत आहेत. २० मे २०२४ च्या रात्री घाटकोपरजवळ उतरणाऱ्या एका विमानाला धडकून तीसहून जास्त रोहित मेले. ज्या पाणथळ जागांत भरतीच्या वेळी पक्षी विसावा घेतात, त्या बुजवल्या की थवा रात्री-अपरात्री उडून दुसरी जागा शोधतो. ताईंनी हे सांगितलं तेव्हा होडीत कुणी बोललं नाही.

पक्षी नोव्हेंबरच्या सुमारास येऊ लागतात आणि मेअखेरपर्यंत राहतात, गर्दी जानेवारीनंतर वाढते. म्हणजे मुलांच्या उन्हाळी सुट्टीचा पहिला आठवडाही चालतो, मात्र ऊन फार असतं. फेरी तासाभराची, सावली नावालाच. टोपी आणि घरून भरून घेतलेलं पाणी लागेल, दुर्बीण असेल तर उत्तम. थव्याजवळ मुलांना ओरडू देऊ नका, पक्षी एकदा उडाले की त्या फेरीत पुन्हा बसत नाहीत. आणि ज्यांना मुंबई लांब पडते त्यांनी उजनीच्या पाण्यावर भिगवणला थांबावं. मोठे रोहित तिथेही हिवाळ्यात येतात, आणि तिथले मच्छीमार होडीतून ते दाखवतात. आपली लातूर एक्स्प्रेस त्याच बाजूने जाते, फक्त मध्यरात्री, सगळे झोपेत असताना.