पेटीवाल्याचं नाव काय?

गेल्या जत्रेतली गोष्ट. रात्रीचे दोन वाजले असतील, दशावतार ऐन रंगात आलेला. राजाने युद्धातून माघार घेतली आणि बोलता बोलता एकदम पद धरलं. पेटीवाल्याने पहिल्याच शब्दाला सूर दिला, मागोमाग मृदंग शिरला. माझ्या बाजूचे आजोबा म्हणाले, "मेल्यान काय वाजवल्यान बघ!" मी विचारलं, "नाव काय तेचा?"

"काय म्हायती. कंपनीचो पेटीवालो."

मोचेमाडकर, पार्सेकर, आरोलकर, खानोलकर... कंपन्यांची नावं आपल्याकडे पोरासोरांना पाठ. राजा कोण, स्त्रीपार्टी कोण, हेही माहीत. मग रात्रभर सगळं नाटक ज्यांच्या हातावर चालतं, त्यांचं काय?

दशावताराला छापील संहिता नसते. आख्यान ठरतं, कोणी कधी यायचं ते ठरतं, बाकीचं रंगमंचावर. संवाद उत्स्फूर्त, म्हणून वादकांनाही पुढे काय येणार ते आधी ठाऊक नसतं. परदेशात असं ऐनवेळी सुचेल ते वाजवणाऱ्यांना प्रायोगिक संगीतकार म्हणतात, त्यांच्या रेकॉर्डी निघतात, पुस्तकं होतात. आपले लोक पायपेटी, मृदंग आणि झांज घेऊन हेच काम देवळासमोर पहाटेच्या दहीकाल्यापर्यंत करतात.

"जुनं राहिलं नाही" अशी माझी तक्रार नाही. पेटी तरी आपली कुठे? तीही युरोपातून आली. १८८० मध्ये 'संगीत शाकुंतल' आलं, पुढे संगीत नाटकांचा काळ गाजला आणि नाट्यपदांचा ढंग दशावतारातही रुजला. आता ट्रिकसीन आलं. नवीन घेऊन आपलं करणं हीच या कलेची रीत.

काळजी वेगळी आहे. आज यूट्यूबवर नाटकं भरपूर आहेत, पण कॅमेरा राजावर आणि पेटीवाला चौकटीबाहेर. शिकणाऱ्या पोराला त्यातून चाल मिळेल. राजाचा श्वास ओळखून सूर कधी द्यायचा, हे मात्र शेजारी बसल्याशिवाय कळत नाही. ते जाणणारे हात थकले की मागे उरणार काय?

दहीकाला झाल्यावर मी त्या पेटीवाल्यांना गाठलं. नाव विचारल्यावर हसले. म्हणाले, "माझा नाव कित्याक व्हया? राजाचा घाला."

हे त्यांनी म्हणणं ठीक. आपण ऐकून गप्प बसणं ठीक नाही.

म्हणून यंदा त्रिपुरी पौर्णिमेनंतर जत्रा सुरू होतील तेव्हा एवढं करूया. व्हिडिओ टाकताना पेटी, मृदंग, झांज वाजवणाऱ्यांची नावं लिहूया. थोडा वेळ कॅमेरा त्यांच्या हातांवर धरूया. गावातल्या वाजवणाऱ्या पोरांना तासभर त्यांच्याजवळ बसवूया. जत्रेच्या बॅनरवर पुढाऱ्यांचे इतके फोटो मावतात, तिथे तीन नावं मावायला हरकत नाही.

तुमच्या गावच्या गेल्या जत्रेत पेटीवर कोण होतं? आठवत असेल तर नाव लिहा. नसेल तर यंदा विचारून या.