डुलत्या मानेच्या बाहुल्या : कर्जत-खालापूरची दैनंदिनी

रविवार, कर्जत, रात्री साडेदहा

स्टेशनबाहेर चहा-वडापाव 80. टमटम भरेपर्यंत 40 मिनिटं, टमटमचे 60. मच्छर अगरबत्ती, बिस्किटं 95. मुक्कामाच्या घरी पोचलो तेव्हा वीज नव्हती, साडेनऊला आली. गुडघा ठणकतोय.

भाची सोबत आहे. दिवसा हिंडायचं आणि रात्री लॅपटॉपवर 'फॉलआउट 4' खेळायचा, असं ठरवून निघालो आहोत. ज्यांनी हा खेळ पाहिलेला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. 23 ऑक्टोबर 2077 ला अणुयुद्ध होतं. आपण जमिनीखालच्या एका तळघरात गोठलेल्या अवस्थेत पडून राहतो आणि 2287 साली बाहेर येतो. बाहेर बोस्टन शहर आणि आजूबाजूचा सगळा मुलूख उजाड. त्या मुलखात 20 बॉबलहेड ठेवलेली आहेत, म्हणजे डुलत्या मानेच्या चिमुकल्या बाहुल्या. सात अंगच्या गुणांच्या (ताकद, नजर, चिवटपणा वगैरे) आणि तेरा कौशल्यांच्या. प्रत्येक बाहुली जगात एकच आणि एकाच जागी. कथा पुढे न्यायला त्यांची गरज नाही. शोधायला कोणी पाठवत नाही, सापडली नाही तर कोणी विचारत नाही. म्हणून मला हाच या खेळाचा सगळ्यात चांगला भाग वाटतो.

माझ्या आता थोड्याच उरल्यात. भाची म्हणते, "मावशी, नेटवर नकाशा आहे, तासाभरात होतील." मी नकाशा पाहणार नाही.

वीज पुन्हा गेली. बॅटरी 31 टक्के. झोपते.

सोमवार, कोंडाणे लेणी

टमटमची वाट पाहण्यात 35 मिनिटं. कोंदिवड्याच्या पुढे चढण आहे, ऊन डोक्यावर, गुडघ्याला पट्टा बांधूनच गेले. पाणी दोघींना चार बाटल्या, त्याही अपुऱ्या.

राजमाचीच्या पायथ्याशी, झाडीत, ही बौद्ध लेणी इसवीसनापूर्वीच्या पहिल्या शतकातली. चैत्याची कमान घोड्याच्या नालाच्या आकाराची. लाकडी घराची नक्कल दगडात केलेली आहे : तुळया, जाळ्या, सज्जे, सगळं. आतले खांब बरेचसे निखळले आहेत. काहींचे वरचे तुकडे छताला लोंबतात आणि खाली नुसती जोती. आधार गेला तरी छत उभं आहे, कारण मुळात सगळा एकच डोंगर.

दर्शनी भागात एका भग्न मूर्तीचं डोकं आहे आणि त्याच्याजवळ ब्राह्मीत एक ओळ : कण्हाचा शिष्य बालक याने हे केलं. बालकाबद्दल या जागी एवढंच मिळतं. गुरूचं नाव आधी, स्वतःचं नंतर. मी त्या ओळीसमोर बराच वेळ बसले. भाचीने दोनदा हाक मारली.

'होरायझन झीरो डॉन' नावाचा 2017 चा एक खेळ आहे, तोही जग संपल्यानंतरचा. त्यात 'प्राचीन पात्रं' गोळा करायची असतात. ती पात्रं म्हणजे संपून गेलेल्या जगातले कॉफीचे मग, कंपन्यांची बोधचिन्हं छापलेले. त्या जगातला एक विद्वान ती मोठ्या आदराने घेतो आणि कुठल्या विधीत वापरत असतील याचे तर्क लढवतो. खेळताना लोक हसतात. मला तो माणूस मनापासून आवडतो. त्याच्या हातात वस्तू आली, सांगणारा कोणी उरला नाही, तरी तो विचारायचं सोडत नाही. कोंडाण्याला आपण त्याच्यापेक्षा नशीबवान आहोत, कारण बालकाने ती एक ओळ लिहून ठेवली.

त्याच लेण्यात अलीकडच्या लोकांनी दगडाने ओरखडलेली नावंही आहेत, बाणाने छेदलेल्या बदामासकट. याचा मला इतका संताप आला की परतीच्या वाटेवर मी बोललेच नाही.

रात्री बोस्टनच्या सार्वजनिक वाचनालयात शिरलो. बुद्धीची बाहुली तिथेच मिळाली. दुसरीकडे असणार तरी कुठे?

मंगळवार

टमटम 45 मिनिटं. थाळी दोन, 320. भाचीच्या चपलेचा अंगठा शिवला, 30. गुडघ्याचं मलम 140. वीज सकाळी 10 ते दुपारी 4 नाही, संध्याकाळी आली, साताला गेली. खेळ अर्धा तास. बाहुली नाही. मच्छर.

बुधवार, खोपोली

आज एका माणसाबद्दलच लिहायचं आहे.

खोपोलीत उतरल्यावर घाटातून खाली आलेले पाण्याचे भलेमोठे नळ दिसतात. लोणावळ्याच्या बाजूच्या तलावांचं पाणी या नळांतून खाली आणून टाटांनी 1915 साली इथे वीज काढली आणि मुंबईच्या गिरण्या तिच्यावर चालवल्या. वापरलेलं पाणी पाताळगंगेत जातं. त्या विजेने आणि पाण्याने कारखाने आणले. त्यांतले काही बंद पडले आणि बंद पडलेल्या कारखान्यांनी भंगारवाले जगवले.

हे गृहस्थ साठीच्या पुढचे. सगळे त्यांना चाचा म्हणतात. वखारीत पत्रा वेगळा, बीड वेगळं, 'जर्मन'ची भांडी वेगळी, पुठ्ठा वेगळा. तांब्या-पितळेवर त्यांची स्वतःची नजर. एक पोऱ्या नळाची तोटी घेऊन आला. चाचांनी आधी लोहचुंबक लावला, मग कानशीने एक रेघ मारली, रेघेचा रंग पाहिला आणि भाव सांगितला. सगळं मिळून दहा सेकंदं.

'फॉलआउट 4' मध्ये मी नेमकं हेच करते. पडक्या घरातला टेबलफॅन उचलायचा कारण त्यात स्क्रू निघतात, चिकटपट्टी दिसली की झडप घालायची, कपाची चिनीमाती करायची. वस्तू मोडली की तिचा कच्चा माल होतो. हे मी चाचांना जसंच्या तसं सांगितलं. त्यांनी ते गंभीरपणे ऐकून घेतलं आणि म्हणाले, "ताई, तोडली की किलोवर जाते. नाही तोडली तर तिला गिऱ्हाईक शोधावं लागतं. तोडायचं काम सोपं."

मग त्यांनी आतली फळी दाखवली. तिथे न तोडलेल्या वस्तू : चिनीमातीचे किटकॅट फ्यूज, बॅकेलाइटचे गोल स्विच, बॉयलरवरचे पितळी दाबमापक, एका रेडिओची लाकडी पेटी, काचेचे व्हॉल्व्ह कापसात गुंडाळलेले. सगळ्यात मोठं आश्चर्य मागच्या बाजूला होतं. प्रत्येक वस्तूच्या पाठीवर पिवळ्या ऑइलपेंटने बारीक अक्षरात लिहिलेलं : कुठल्या खात्यातून निघाली, कुठल्या साली. शाळा चौथीपर्यंत, अक्षर वळणदार.

मी विचारलं, हे कशासाठी? म्हणाले, "नाहीतर ते नुसतं पितळ."

यावर मी दिवसभर विचार करतेय. खेळातल्या बाहुल्या दिसायला सगळ्या सारख्याच, हसऱ्या पोराच्या, फक्त पवित्रा वेगळा. त्यांचं मोल जागेत आहे. चपळाईची बाहुली फुटलेल्या जहाजाच्या नाळेच्या अगदी टोकाला, जिथे तोल सांभाळत जावं लागतं. कुलपं उघडण्याची एका खुनी चित्रकाराच्या घराखाली, सगळ्यात शेवटच्या दालनात. वैद्यकाची एका बंद प्रयोगशाळेत, जिथे एक यंत्र-परिचारिका दोनशे वर्षं रोगावर औषध शोधत एकटी बसली आहे. या बाहुल्या एका पेटीत घालून कोणी माझ्या हातात दिल्या तर मला त्या नकोत. भाचीच्या नकाशावर मी चिडते ती याचसाठी.

चाचांकडून एक दाबमापक घेतला, 250. काच तडकलेली आहे, पाठ शाबूत.

गुरुवार, उंबरखिंड

चावणीजवळ. 2 फेब्रुवारी 1661 ला शिवाजी महाराजांनी मोगल सरदार कारतलबखानाची फौज इथे कोंडली. खान कुरवंड्याच्या घाटाने उतरला. अरुंद वाट, दाट रान, तोफा-तंबू-खजिना बरोबर. पुढची तोंडं बंद, मागची बंद, पाणी नाही. खानाच्याच फौजेतल्या रायबागनने शरण जायचा सल्ला दिला. सगळं सामान जागेवर टाकून, जीव घेऊन फौज परत गेली.

जिथे उभं राहून हे वाचलं तिथून दोन्ही बाजूंचे डोंगर पाहिले की लढाई समजायला नकाशा लागत नाही. 'फॉलआउट'मध्ये पाठीवर वजन जास्त झालं की पळता येत नाही, झटकन दुसऱ्या गावी जाता येत नाही. नवे खेळाडू याच एका नियमाने मरतात, कारण त्यांना काहीच टाकवत नाही. खानाला निदान टाकायची बुद्धी झाली.

चहा 20, रिक्षा येऊन-जाऊन 600. महाग पडली. रात्री चिवटपणाची बाहुली, समुद्रकाठच्या एका वीजकेंद्रात.

शुक्रवार, चौक

चौकहून इर्शाळगड दिसतो. त्याच्या कुशीत इर्शाळवाडी होती. 19 जुलै 2023 च्या रात्री दरड आली. 27 मृतदेह मिळाले, 57 माणसं मिळालीच नाहीत आणि चौथ्या दिवशी शोध थांबवला. ठाकरवाडी होती. वर गाडीरस्ता नव्हता, बचाव करणारे पावसात चालत चढले.

खेळात पडक्या घरांत सांगाडे असतात, शेजारी मुलांची खेळणी, टेडी अस्वलं. कुणीतरी विचार करून मांडलेली. आपण खोलीत शिरतो, काय झालं असेल ते ओळखतो आणि खेळणं उचलतो, कारण त्यात कापड आणि कातडं निघतं.

आज लॅपटॉप उघडला नाही.

शनिवार, रात्री उशिरा

पोपटी! मुक्कामाच्या घरच्या काकूंनी दोन दिवस आधीच सांगून ठेवलं होतं. वालाच्या शेंगा त्यांच्याच शेतातल्या, कोवळ्या. मडक्याच्या तळाला भांबुर्डीचा पाला, त्यावर मीठ-ओवा चोळलेल्या शेंगा, मग अंडी, बटाटे, मसाला लावून केळीच्या पानात बांधलेली कोंबडी, पुन्हा शेंगा, तोंडाशी पाला ठासून भरलेला. पाण्याचा थेंब नाही. मडकं शेतात उपडं घालायचं आणि भोवती पेंढा, काटक्या, गोवऱ्या रचून पेटवायचं. अर्ध्या तासाने काकूंनी तापल्या मडक्यावर पाणी शिंपडलं. चर्र आवाज होऊन ते क्षणात उडालं. "झाली," म्हणाल्या. पाल्याचा जो वास शेंगांत उतरतो तो मला शब्दांत पकडता येत नाही आणि शहरात गॅसवर कुकरमध्ये केलेल्या 'पोपटी'त तो कधीच नसतो. थंडीत, शेकोटीशी, बोटं भाजत खाल्ली. भाचीने शेंगा इतक्या खाल्ल्या की काकू खूश.

नंतर काकूंचा नातू खेळ बघायला बसला. पडद्यावर दोन डोक्यांची गाय आली तसा तो ओरडलाच. या खेळमालिकेत किरणोत्सर्गाने अशा झालेल्या गुरांना 'ब्राह्मिन' म्हणतात. 2008 साली 'फॉलआउट 3' आला तेव्हा मायक्रोसॉफ्टने एक्सबॉक्सवरची त्याची आवृत्ती भारतात आणणार नाही असं जाहीर केलं. कारण 'सांस्कृतिक संवेदनशीलता' एवढंच दिलं. सगळ्यांनी अंदाज बांधला तो या गुरांचा. माझ्या हातात तो खेळ बऱ्याच उशिरा पडला. त्यातही 20 बाहुल्या आहेत, पण तो खेळ जास्त कठोर. ऊर्जाशस्त्रांची बाहुली शत्रूच्या तळावर असते. तुम्ही तिथून बाहेर पडलात की तळ कायमचा बंद. राहिली ती राहिली.

नातवाने विचारलं, या बाहुल्या विकता येतात का? मी म्हटलं, मांडून ठेवायला खास स्टँड बांधता येतो. त्याला ते पटलं.

रविवार, पेठ

आंबिवलीहून कोथळीगड, ज्याला सगळे पेठचा किल्ला म्हणतात. माथ्याचा सुळका आतून पोखरून त्यातच पायऱ्या काढल्या आहेत. डोंगराच्या पोटातून चढत अचानक उजेडात येतो. खालच्या गुहेत कोरीव खांब. वाटेत एक तोफ पडून आहे, कोणी हलवलेली नाही, आणि तशीच राहावी. संग्रहालयात ती एक तोफ झाली असती, इथे ती कोणत्या वाटेवर रोखलेली होती हे उभं राहून बघता येतं.

रात्री खेळातला कोर्वेगाचा मोटार कारखाना. आतले सगळे मजले पालथे घातले, काही नाही. भाची गप्प बसून होती, तिला जागा माहीत होती हे चेहऱ्यावरून दिसत होतं, पण एक शब्द बोलली नाही. याबद्दल तिचे आभार. मग बाहेरच्या लोखंडी जिन्यांनी वर, आणखी वर, पार माथ्याच्या टोकापर्यंत गेले आणि तिथे दुरुस्तीची बाहुली होती. सकाळी त्या सुळक्याच्या पोटातून माथ्यावर गेले नसते तर बाहेरून टोकापर्यंत चढायचं मला सुचलं नसतं. आज झोप लागणार नाही.

पुढचा आठवडा खोपोलीतच. चाचांच्या फळीवरच्या सगळ्या पाठींचे फोटो काढायला त्यांनी परवानगी दिली आहे. वाचकांपैकी कोणाच्या घरात बंद पडलेल्या कारखान्यातली एखादी वस्तू असेल, बिल्ला, मापक, हजेरीचा पितळी टोकन, काहीही, तर तिच्या मागे खातं आणि साल लिहून ठेवावं, ही विनंती. शाई टिकत नाही. ऑइलपेंट वापरावा.