दोन नावांचे शहर

जर्मनीच्या पूर्व टोकाला, ड्रेस्डेनहून पोलंडच्या सीमेकडे जाणारी आगगाडी तासाभरात एका जुन्या शहराच्या स्थानकावर थांबते. स्थानकावरील पाटीवर त्या शहराची दोन नावे आहेत. पहिले बाउत्सेन, हे जर्मन नाव, दुसरे बुदिशिन. शहरात शिरल्यावरही हा दुहेरीपणा सुटत नाही. रस्त्यांची नावे दोन, कचेऱ्यांवरील फलक दोन भाषांत. पुढे एखाद्या खेड्याच्या वेशीवर गेले तरी तीच रीत. नवख्या प्रवाशाला वाटावे, सीमा जवळ असल्याने शेजारच्या पोलिश लोकांची ही सोय असेल. परंतु बुदिशिन हे नाव पोलिश नव्हे. ते याच भूमीत सुमारे चौदा शतके राहत असलेल्या सॉर्ब लोकांच्या भाषेतले आहे.

युरोपात स्लाव कुळातील भाषा बोलणाऱ्यांचा विस्तार फार मोठा आहे. पूर्वेला रशियन, युक्रेनी आणि बेलारूसी. दक्षिणेला बल्गेरियन, सर्बियन, क्रोएशियन, स्लोव्हेनियन. पश्चिमेला पोलिश, चेक आणि स्लोवाक. यांतील बहुतेक समाजांना आज स्वतःचे राष्ट्र आहे, चलन आहे, सैन्य आहे. सॉर्ब समाजाला यांपैकी काहीच नाही. जर्मनीच्या सॅक्सनी आणि ब्रांडेनबुर्ग या दोन राज्यांत पसरलेल्या लुसेशिया नावाच्या प्रदेशात ते राहतात, आणि त्यांची संख्या साधारणपणे साठ हजार सांगितली जाते. भाषा सहजपणे बोलणारे त्याहून पुष्कळ कमी. एवढ्यातही भाषा दोन आहेत: दक्षिणेकडे बुदिशिनच्या परिसरात अपर सॉर्बियन, उत्तरेकडे कॉटबुस शहराच्या आसपास लोअर सॉर्बियन. चहूबाजूंनी जर्मन भाषेचा समुद्र आणि मध्ये हे लहानसे बेट. ते आजवर बुडाले कसे नाही, हाच या प्रदेशाच्या प्रवासात पडणारा खरा प्रश्न आहे.

श्प्रे नदीच्या उंच खडकाळ काठावर बुदिशिन वसलेले आहे. लिखित इतिहासात त्याचे नाव १००२ साली प्रथम येते. जर्मनीतील मोठ्या बाजारपेठांपासून पोलंडपर्यंत जाणारा ‘व्हिया रेजिया’ म्हणजे राजमार्ग याच शहरातून जात असे, आणि या वाटेवरील व्यापाराच्या रक्षणासाठी १३४६ साली लुसेशियातील सहा शहरांनी आपसांत करार करून संघ स्थापला. बुदिशिन त्यांपैकी एक होते. वाट सुरक्षित असेल तरच माल पोहोचतो, हे त्या काळच्या व्यापाऱ्यांना पक्के ठाऊक होते. शहराचे बुरूज, तटबंदी आणि १५५८ सालचा नदीकाठचा पाणीपुरवठ्याचा मनोरा आजही त्या वैभवाची साक्ष देतात.

या शहराने जपलेला एक दस्तऐवज मात्र दगडी बुरुजांपेक्षाही मोलाचा आहे. १५३२ च्या सुमारास शहराचा नागरिक होऊ इच्छिणाऱ्याला राजाशी आणि नगरसभेशी एकनिष्ठ राहण्याची शपथ घ्यावी लागे. ही शपथ सॉर्बियन भाषेतही लिहून ठेवलेली आहे, आणि अपर सॉर्बियनचा सर्वांत जुना उपलब्ध मजकूर म्हणून ती ओळखली जाते. राज्यकर्त्यांची भाषा जर्मन असली, तरी शपथ मनापासून घ्यायची तर ती माणसाच्या स्वतःच्या बोलीत हवी, एवढे भान त्या नगरसभेला होते. शहरातील सेंट पीटर चर्चमध्येही असाच समजूतदारपणा दिसतो. १५२४ पासून ख्रिस्ती धर्मातील दोन पंथ, कॅथलिक आणि प्रोटेस्टंट, हे एकच मंदिर वाटून घेत आले आहेत. पुढचा भाग एकाचा, मागचा दुसऱ्याचा. मध्ये जाळी आणि वर छप्पर एकच.

सॉर्बियन भाषा कानाला अनोळखी वाटते. पण संस्कृत किंवा प्राकृताशी परिचय असलेल्या वाचकाला तिच्यात काही ओळखीचे चेहरे सापडतात. स्लाव भाषा आणि संस्कृत ही एकाच प्राचीन कुळातील दूरची भावंडे असल्याने हे साम्य केवळ योगायोगाचे नाही. ‘झिवी’ म्हणजे जिवंत, आपल्या ‘जीव’ शब्दाचा आप्त. ‘दोम’ म्हणजे घर. वेदांत घराला ‘दम’ हा शब्द येतो. ‘ब्रात्र’ म्हणजे भाऊ, भ्राता. दिवसाला जो शब्द आहे, तो आपल्या ‘दिन’ शब्दाच्या घराण्यातला. त्याहून नवलाची गोष्ट म्हणजे द्विवचन. संस्कृताच्या विद्यार्थ्याला एकवचन आणि बहुवचन यांमध्ये द्विवचन शिकावे लागते. अर्धमागधीसह प्राकृत भाषांनी ते टाकून दिले आणि मराठीतही ते उरले नाही. बहुतेक स्लाव भाषांतूनही ते गेले. सॉर्बियन आणि स्लोव्हेनियन यांनी मात्र ते जिवंत ठेवले. आम्ही दोघे, तुम्ही दोघे, ते दोघे यांसाठी या भाषांत क्रियापदाचे रूपच निराळे आहे. दोन या अर्थी स्त्रीलिंगी शब्दांपुढे येणारे सॉर्बियन रूप ‘द्वे’ असे आहे, आणि संस्कृतातही ते ‘द्वे’ असेच आहे.

प्राचीन संपत्ती असली म्हणून भाषा टिकतेच असे नाही. ती टिकते ती रोजच्या बोलण्यात. आणि नेमका तेथेच सॉर्ब समाजापुढे पेच उभा राहतो. दहा सॉर्ब माणसे गप्पा मारीत असली आणि त्यांत सॉर्बियन न समजणारा एक जर्मन शेजारी येऊन बसला, की सगळे जर्मन बोलू लागतात. यात भीती नाही, सक्ती नाही. पाहुण्याला परके वाटू नये एवढाच हेतू. पण अशा सौजन्याचे प्रसंग दिवसभर येत राहतात. दुकानात गिऱ्हाईक जर्मन, कारखान्यात सहकारी जर्मन, पुष्कळ घरांत सून किंवा जावई जर्मन. अशा रीतीने भाषा कोणाच्याही वैरावाचून मागे सरत जाते. घरात एक भाषा आणि पेढीवर दुसरी, हा व्यवहार ज्यांच्या पिढ्यान्‌पिढ्या अंगवळणी पडला आहे, त्या व्यापारी कुटुंबांना हा पेच समजावून सांगावा लागू नये.

वैराचे दिवसही या समाजाने पाहिले आहेत. एकोणिसाव्या शतकात सॉर्ब विद्वानांनी आपल्या भाषेची पुस्तके छापण्यासाठी आणि अभ्यासासाठी १८४७ साली बुदिशिनमध्ये ‘माचित्सा सेर्बस्का’ ही संस्था स्थापली. १९१२ मध्ये गावोगावच्या मंडळांना एकत्र आणून ‘दोमोविना’ हा महासंघ उभा राहिला. ‘दोमोविना’ म्हणजे मायभूमी. घर या अर्थाच्या ‘दोम’ शब्दापासूनच तो घडला आहे. हिटलरच्या राजवटीने १९३७ मध्ये दोमोविनाचे काम बंद पाडले, सॉर्बियन वृत्तपत्रे थांबवली आणि शिक्षक व धर्मगुरू यांना त्यांच्या गावांपासून दूर पाठवले. समाजाने वर्गणीतून बांधलेले ‘सेर्बस्की दोम’ हे भवन युद्धाच्या अखेरीस, १९४५ मध्ये, नष्ट झाले. युद्धानंतर १९४८ साली सॅक्सनीत सॉर्ब लोकांच्या हक्कांचा कायदा झाला, पुढे नवे भवन उभे राहिले आणि दैनिक व साप्ताहिक पुन्हा निघू लागले. बुदिशिनचे सॉर्बियन दैनिक आजही निघते.

कायद्याने भाषा वाचली. पण तिच्या पायाखालची जमीन वाचली नाही. लुसेशियाच्या भूगर्भात लिग्नाइट हा तपकिरी कोळसा विपुल आहे. विसाव्या शतकात उघड्या खाणी पसरत गेल्या, तशी शंभराहून अधिक गावे पूर्णतः किंवा अंशतः उठवली गेली. त्यांतील कित्येक सॉर्ब वस्तीची होती. होर्नो, सॉर्बियन नाव रोगोव, या गावाने सर्वांत दीर्घ झुंज दिली. गावकऱ्यांचे गाऱ्हाणे युरोपच्या मानवी हक्क न्यायालयापर्यंत गेले. २००० साली ते तेथेही मान्य झाले नाही. अखेर लोक फोर्स्ट शहरालगतच्या नव्या वसाहतीत गेले आणि २००४ मध्ये जुन्या गावातील चर्च पाडण्यात आले. नव्या वसाहतीत आज नाहीशा झालेल्या गावांची स्मृती जपणारे एक संग्रहालय आहे. विस्थापितांना घरे मिळाली, नुकसानभरपाईही मिळाली. पण शेजार मोडला की शेजाऱ्यांची भाषाही विखुरते, याची भरपाई कोणत्याही हिशेबात बसत नाही.

भाषा सर्वांत घट्ट उरली ती बुदिशिन, कामेन्त्स आणि होयर्सवेर्डा या तीन शहरांमधील कॅथलिक खेड्यांत. तेथे प्रार्थना, लग्न, शाळा आणि खेळ ही सारी एकाच भाषेत चालतात. लग्नात ‘ब्राश्का’ नावाचा यजमान असतो. घरोघर आमंत्रणे देण्यापासून समारंभाचा क्रम सांभाळण्यापर्यंत सर्व भार त्याच्यावर. ईस्टरच्या रविवारी काळे लांब कोट आणि उंच टोप्या घातलेले पुरुष सजवलेल्या घोड्यांवर बसून, सॉर्बियन स्तोत्रे गात शेजारच्या गावी जातात आणि तेथील स्वार यांच्या गावी येतात. अशा नऊ मिरवणुका निघतात. शहरात नोकरी करणारे तरुणही त्या दिवसासाठी गावी परततात.

मुलांचा सण मात्र त्याहून गोड आहे. पंचवीस जानेवारीला पक्ष्यांचे लग्न असते, अशी समजूत. नवरदेव डोमकावळा, नवरी मॅगपाय नावाचा काळा-पांढरा पक्षी. आदल्या संध्याकाळी मुले खिडकीत रिकामी ताटली ठेवतात आणि सकाळी तिच्यात मिठाई सापडते. हिवाळाभर ज्यांनी दाणे घातले, त्यांच्यासाठी पक्ष्यांनी लग्नघरातून पाठवलेला हा वानोळा, असे आजी सांगते. बर्फाच्या दिवसांत मुक्या जिवांना दाणा घालावा, ही शिकवण यापेक्षा सोप्या शब्दांत सांगता येणार नाही.

पारंपरिक पोशाखात निळ्या कापडावर पांढऱ्या नक्षीचे वस्त्र वारंवार दिसते. लाकडी ठशांनी कापडावर विशिष्ट लुकण छापायचे, मग ते निळीच्या हौदात बुडवायचे आणि नंतर धुवायचे. जेथे लुकण होते तेथे नक्षी पांढरी उरते. राजस्थान-गुजरातच्या छिप्यांच्या कामाशी ही रीत जुळते, आणि तिचे मूळ व्यापारातच आहे. युरोपात पूर्वी ‘वोड’ नावाच्या वनस्पतीपासून निळा रंग काढीत. लुसेशियातील ग्योर्लित्स हे त्याच्या व्यापाराचे मोठे केंद्र होते. भारतीय नीळ येऊ लागली तेव्हा तिची इतकी धास्ती बसली, की १५७७ मध्ये जर्मन साम्राज्यात तिला सैतानाचा रंग ठरवून मनाई करण्यात आली. तरीही सतराव्या शतकात भारतीय नीळ आणि भारतीय छापील कापड दोन्ही युरोपात रुजली. बुदिशिनच्या पश्चिमेला पुल्सनित्स गावी अशा छपाईची कार्यशाळा आजही आहे. जर्मनीसह मध्य युरोपातील पाच देशांच्या या कलेला २०१८ मध्ये युनेस्कोने आपल्या वारसायादीत स्थान दिले.

उत्तरेला श्प्रे नदी असंख्य प्रवाहांत फुटते. तेथील काही घरांपर्यंत आजही लांबट होडीनेच जावे लागते. उन्हाळ्यात टपालही होडीतून येते. काकडीचे लोणचे, आणि चक्क्यासारख्या ताज्या पनीरावर ओतलेले जवसाचे तेल, हे तेथील साधे भोजन. निसर्ग येथे अधिक मोहक आहे; भाषा मात्र अधिक दुबळी. मुलांना शाळेत हसतील, नोकरीत अडचण येईल, या चिंतेने येथील आईबापांनी पोटच्या मुलांशी जर्मनच बोलायचे ठरवले. एका पिढीचा हा निर्णय. त्याचा परिणाम पुढच्या सर्व पिढ्यांवर झाला.

शाळेचे महत्त्व दक्षिणेतील ख्रोश्चित्सी गावाने २००१ साली जगाला दाखवून दिले. पाचवीच्या वर्गात मुले केवळ १७ भरली, म्हणून सरकारने तो वर्ग चालवण्यास नकार दिला. पालकांनी मुलांना दुसरीकडे पाठवले नाही; निवृत्त शिक्षकांनी काही आठवडे वर्ग चालवला. शेवटी शाळा वाचली नाही. परंतु तीन मुलांच्या तुटीने एका भाषेचे किती नुकसान होते, हे त्या आंदोलनामुळे सर्वांना कळले.

उत्तरेने निराळा मार्ग शोधला. १९९८ मध्ये कॉटबुसजवळच्या एका बालवाडीत ‘विताय’ हा उपक्रम सुरू झाला. विताय म्हणजे या, स्वागत असो. तेथील बाई मुलांशी पहिल्या दिवसापासून फक्त सॉर्बियन बोलतात. व्याकरण नाही, धडे नाहीत, केवळ जेवणे, खेळणे आणि गाणे. फ्रान्समधील ब्रेतों भाषिकांच्या शाळांवरून ही पद्धत घेतली आहे. पुढे दक्षिणेनेही ती स्वीकारली. यातील अनेक मुलांच्या आईवडिलांना ती भाषा येत नाही. संध्याकाळी मूल घरी येते आणि बालवाडीत शिकलेला शब्द बोलून दाखवते, तेव्हा त्याला उत्तर देऊ शकणारी घरात बहुधा एकच व्यक्ती असते. ती आजी असते. ज्या भाषेत तिने आपल्या मुलांशी बोलायचे टाळले होते, त्याच भाषेत ती आता नातवाशी बोलू लागते.