दोन नंबर बोलतोय

‘एकशे पासष्टवर दोन, दगडामागं, एक नॉक.’

पब्जी खेळलेल्या माणसाला हे वाक्य अर्ध्या सेकंदात कळतं. न खेळलेल्याला तो मटक्याचा आकडा वाटेल. स्क्रीनच्या वरच्या बाजूला होकायंत्राची पट्टी असते, ० ते ३६० अंशांची. एकशे पासष्ट म्हणजे जवळजवळ दक्षिण. तिकडं दगडामागं शत्रूचे दोन जण आहेत, त्यातला एक पडलाय, आत्ता धावलो तर दुसराही मिळेल. एवढं सगळं सहा शब्दांत. क्रियापद नाही, कर्ता नाही, आणि मुख्य म्हणजे तू की तुम्ही ही भानगड नाही. आपल्याकडं अनोळखी माणसाशी बोलायचं तर आधी त्याचं वय, आडनाव, गाव यांचा अंदाज घेऊन मग सर्वनाम ठरवावं लागतं. गेममध्ये चौघांच्या स्क्वाडला एक ते चार नंबर मिळतात, प्रत्येकाला एक रंग मिळतो आणि विषय संपतो. मी बहुतेक वेळा दोन नंबर असायचो. (हो, त्यावरचे सगळे विनोद ऐकून झालेत.)

मला हे फार सोयीचं होतं, कारण मी अडखळत बोलतो. लहानपणी शब्द होता ‘तोतरा’. आजीनं जिभेला वेखंड लावून पाहिलं, एका काकांनी तोंडात गारगोटी धरून पाढे म्हणायला लावले. पाढे सगळे पाठ झाले. बोलणं तसंच राहिलं. मोठ्या माणसांत साधारण शंभरात एक जण अडखळत बोलतो म्हणतात. पब्जीच्या विमानातूनही शंभर जणच उड्या मारतात, तेव्हा हिशेब बरोबर आहे. बॉट सोडून द्या.

न अडखळणाऱ्यांना वाटतं, आम्ही सगळ्याच शब्दांवर अडखळतो. तसं नसतं. प्रत्येकाचे आपापले वैरी ठरलेले असतात. माझा वैरी ‘प’. माझं नाव ‘प’नं सुरू होतं. नोकरी पुण्यात. ‘कुठं असतोस?’ असं कुणी विचारलं की मी ‘हिंजवडीत’ म्हणतो. पोहे मागायचे असतील तर उपमा मागतो. अडखळणारा माणूस आयुष्यभर हेच करत असतो: वाक्य सुरू करतानाच पुढं चार शब्दांवर असलेला खड्डा बघायचा आणि गाडी दुसऱ्या रस्त्यानं काढायची. समोरच्याला वाटतं, हा विचार करून बोलतो.

नावाला मात्र पर्यायी रस्ता नसतो. आमच्यातल्या अनेकांना सगळ्यात अवघड जातो तो शब्द म्हणजे स्वतःचं नाव. इंजिनिअरिंगच्या तोंडी परीक्षेत बाहेरून आलेले एक सर ‘नाव काय?’ म्हणाले आणि मी नावावरच अडकलो, तेव्हा ते हसून म्हणाले, ‘हे पण पाठ नाही का?’ पुढचे सगळे प्रश्न मला येत होते.

हॉस्टेलवर २०१८ साली पब्जी मोबाइल आलं तेव्हा सगळ्यांना बंदुकांचं वेड लागलं. मला वेड लागलं ते मार्करचं. एरँगलच्या नकाशावर पोचिंकी नावाचं गाव आहे, निम्म्या पोरांना तिथंच उतरायचं असतं. ‘प’! मी ते नाव कधी उच्चारलंच नाही. नकाशावर बोट ठेवायचं, पिवळी-हिरवी खूण उमटते, सगळ्यांना दिसतं. शिवाय तयार वाक्यांची यादी असते. तिच्यातलं एक दाबलं की एक रेकॉर्ड केलेला आवाज स्वच्छ इंग्रजीत ‘आय गॉट सप्लाइज’ म्हणतो. ते वाक्य पुढं देशभर चेष्टेचा विषय झालं. मी मात्र त्या आवाजाकडं जरा हेव्यानंच बघायचो. एकदाही अडखळत नाही लेकाचा.

पुढं नोकरीला लागल्यावर माझ्या अडखळण्याला माझ्याच धंद्यातली उपमा सापडली. इंटरनेटवर माहिती तुकड्यातुकड्यांनी जाते आणि ती पाठवायच्या दोन मुख्य पद्धती आहेत. टीसीपीत प्रत्येक तुकडा पोचलाच पाहिजे, तोही क्रमानं. एखादा हरवला तर तो पुन्हा मागवतात आणि तोवर मागचे सगळे ताटकळत उभे राहतात. रांगेतला पहिला अडला की सगळी रांग अडते, याला ‘हेड ऑफ लाइन ब्लॉकिंग’ म्हणतात. यूडीपी ही दुसरी पद्धत बेफिकीर आहे. हरवला तुकडा तर हरवला, पुढचा घ्या. वेगवान गेम बहुधा यूडीपीवर चालतात, कारण शत्रू अर्ध्या सेकंदापूर्वी कुठं होता ही माहिती पोचेपर्यंत शिळी झालेली असते. माझं तोंड टीसीपी आहे. पहिलं अक्षर पोचल्याशिवाय दुसरं सुटत नाही. आणि गप्पा, स्टँडअप मीटिंगा, लग्नातल्या ओळखी हे सगळं जग यूडीपीवर चालतं. तुमचा तुकडा आला नाही तर ते पुढं निघून जातं.

मार्च २०२० मध्ये मी लॅपटॉप घेऊन मिरजेला घरी आलो. रोज सकाळी दहाला व्हिडिओ कॉलवर स्टँडअप. काल काय केलं, आज काय करणार, एवढंच सांगायचं असतं. मी एखाद्या शब्दावर अडलो की तोंड उघडं, आवाज बंद. दिसायला हुबेहूब अडकलेला व्हिडिओ. ‘तुझं नेटवर्क गेलं वाटतं, आपण पुढं जाऊ,’ असं म्हणून पुढच्याचा नंबर यायचा. कुणाच्या मनात वाईट काही नव्हतं. पण तीन महिन्यांत मी एकदाही वाक्य पूर्ण केलं नव्हतं आणि माझं काम माझ्याऐवजी दुसरंच कुणी तरी सांगत होतं. त्या वर्षीच्या अप्रेझलमध्ये शेरा आला: ‘संवादकौशल्य सुधारण्यास वाव’.

रात्री साडेदहाला माडीवरच्या खोलीत दुसरा कॉल सुरू व्हायचा. एक नंबर इंदूरकडचा, हिंदी बोलणारा. तीन नंबर बीडचा, एमपीएससीसाठी पुण्यात राहिलेला आणि लॉकडाउनमध्ये गावी परतलेला. दोघंही असेच कुठल्याशा सामन्यात भेटले आणि राहिले. चार नंबरचा माइक कायम बंद. पण त्याच्याइतकं चांगलं ‘बोलणारा’ मी पाहिला नाही. शत्रू दिसला की खूण, गोळ्या हव्यात तर खूण, आणि बाकी सगळ्याला ‘आय गॉट सप्लाइज’. हो म्हणायचं असेल तरी, आभार मानायचे असतील तरी, झोपायला जायचं असेल तरी. वेळेवरून आणि किती वेळा दाबलंय त्यावरून आम्हाला अर्थ कळायचा. अडखळलो की इथंही म्हणायचे, ‘लॅग है क्या?’ पण इथं लॅग सगळ्यांनाच असायचा. बीडला तर पाऊस आला की नेट जायचं. लॅग असणाऱ्या माणसाला सोडून जायचं नाही, त्याला जीपमध्ये घालून न्यायचं, हा त्या जगाचा रिवाज होता.

एका रात्री चार नंबरचा माइक चुकून चालू झाला. मिक्सरचा आवाज आला आणि एक लहान मुलगा ओरडला, ‘ताई, आई बोलावतीये!’ माइक बंद. आम्ही तिघं गप्प.

आमच्या त्या शांततेत बरंच काही होतं. अनोळखी स्क्वाडमध्ये मुलीचा आवाज ऐकू आला की काय होतं ते आम्ही तिघांनीही ऐकलेलं होतं. आधी ‘अरे लडकी है’, मग इन्स्टा आयडी, मग शिव्या. माझ्या माइकमागं ‘प’ होता, तिच्या माइकमागं हे सगळं. दहाएक सेकंदांनी तीन नंबर म्हणाला, ‘चार नंबर, डावीकडं बघ, खिडकीत आहे एक.’ तिनं तो टिपला. मग ‘आय गॉट सप्लाइज’. त्या विषयावर आमच्यात झालेलं बोलणं एवढंच.

न बोलता कसं बोलावं यावर गेम बनवणाऱ्यांनी पुष्कळ डोकं लावलंय. २०१२ साली प्लेस्टेशनवर आलेल्या ‘जर्नी’मध्ये वाळवंटात एक अनोळखी माणूस तुम्हाला भेटतो. त्याचं नाव दिसत नाही, चॅट नाही, माइक नाही. एक बटण दाबलं की घंटीसारखा एक सूर निघतो, बस. त्यावर दोघांनी डोंगरापर्यंत जायचं. नावं कळतात ती शेवटी, श्रेयनामावलीनंतर. बनवताना आधी खेळाडूंना एकमेकांना धक्का देता येत होता, तर लोक जोडीदाराला खड्ड्यात ढकलायला लागले. मग त्यांनी धक्क्याची सोयच काढून टाकली. २०१९ च्या फेब्रुवारीत ‘एपेक्स लेजंड्स’ आला आणि खूण करण्याची कला त्यानं फार पुढं नेली: बंदुकीकडं रोखून बटण दाबलं तर तुमचं पात्रच बोलतं की इथं अमुक बंदूक आहे, आणि दुसरा तेच बटण दाबून ‘ती माझी’ म्हणतो. माइकशिवाय अख्खा सामना जिंकता येतो. महिन्याभरात ‘फोर्टनाइट’नंही तशी सोय केली.

अर्थात शब्द कमी केले म्हणून माणसं सुधारतात असं नाही. ‘हर्थस्टोन’मध्ये प्रतिस्पर्ध्याला फक्त सहा तयार गोष्टी म्हणता यायच्या. त्यातल्या ‘सॉरी’चा वापर इतका खवचटपणे व्हायला लागला की २०१६ मध्ये तो काढून त्या जागी ‘वॉव’ ठेवला. मग लोक ‘वॉव’ खवचटपणे म्हणायला लागले. ‘रॉकेट लीग’मध्ये तुमच्या हातून सोपा गोल गेला की समोरून ‘व्हॉट अ सेव्ह!’ येतं, लागोपाठ तीनदा. टोमणा मारायला माणसाला शब्दकोश लागत नाही, हे सांगायला गेम कशाला, कुठलंही एकत्र कुटुंब पुरेल.

२ सप्टेंबर २०२० ला केंद्र सरकारनं ११८ ॲपवर बंदी घातली, त्यात पब्जी मोबाइल होतं. ज्यांच्या फोनमध्ये ते आधीच होतं त्यांचं चालू राहिलं, पण ऑक्टोबरच्या शेवटी जाहीर झालं की ३० तारखेपासून भारतात सर्व्हरही बंद. २९ च्या रात्री आम्ही चौघं बसलो. सामना असाच गेला, कुणाचं लक्ष नव्हतं. तिसऱ्या झोनमध्ये एका पडक्या घरात लपलेलो असताना एक नंबर म्हणाला, ‘चलो यार, आज तो नाम बता दो सब.’ त्यानं त्याचं सांगितलं. तीन नंबरनं त्याचं. मग माझी पाळी.

माइक चालू होता. ‘प’ ओठांवर येऊन थांबला. नकाशावरचं निळं वर्तुळ आत सरकत होतं. झोन बाहेरून घरावर आला, चौघांचंही रक्त हळूहळू कमी व्हायला लागलं. लॅग है क्या, असं कुणी विचारलं नाही. एकही जण उठून पळाला नाही. तीन नंबर एवढंच म्हणाला, ‘घे निवांत, बँडेज आहेत.’ बँडेज बांधल्याचे आवाज येत राहिले. किती सेकंद गेले मला माहीत नाही. मी नाव सांगितलं. पूर्ण, आडनावासकट.

चार नंबरनं माइक चालू केला नाही. ‘आय गॉट सप्लाइज’ म्हणाली, एकदाच. तिचं नाव आम्हाला कळलं नाही आणि कुणी आग्रहही केला नाही. आम्ही त्या घरातच झोनमध्ये मेलो.

जुलै २०२१ मध्ये तोच गेम बीजीएमआय या नावानं परत आला. पुढच्या वर्षी जुलैत स्टोअरमधून पुन्हा गायब झाला, मे २०२३ मध्ये पुन्हा आला. जुनं खातं नव्यात आणायची सोय होती, मी ते आणलं. बीडचा तीन नंबर अजून कधीतरी भेटतो, परीक्षेचं विचारायचं नाही हे आमच्यात ठरलंय. बाकी दोघं भेटले नाहीत.

मी अजूनही अडखळतो. बदललं ते थोडं. आता मी टीममध्ये जुना झालोय. सकाळचा स्टँडअप मी आधी चॅटमध्ये लिहून टाकतो आणि इतरांनीही तसं करावं असं सुचवलं. वेळ वाचतो, हे कारण दिलं, ते खरंही आहे. ज्याला बोलायचंय त्यानं बोलावं, ज्याला नाही त्याचं लिहिलेलं वाचावं. गेल्या जूनमध्ये एक नवीन मुलगी आमच्याकडं लागली. तिचा माइक बंद असतो, कॅमेराही. का, ते मला माहीत नाही आणि मी विचारलेलं नाही. तिसऱ्याच दिवशी मॅनेजर म्हणाला, ‘आपण जरा बोलून सांगाल का सगळ्यांना?’ मला उत्तर द्यायला वेळ लागला, कारण वाक्य ‘प’नं सुरू होत होतं आणि त्या दिवशी मी रस्ता बदलला नाही.

‘प... प... पाठवलंय तिनं. वर आहे. वाचा.’

सगळ्यांनी वाचलं. मग पुढच्याचा नंबर आला.