काळमाग आणि आजीची लोकर

संपादक मंडळाने या अंकासाठी माझी ‘काळमाग’ ही गोष्ट मागितली होती. ती देत नाहीये. तिच्यात एक चूक आहे, आणि ती कशी कळली हे सांगणं मला गोष्टीपेक्षा गरजेचं वाटतंय.

मंडळाच्या बैठकीत ज्यांनी ती ऐकली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. एका जुन्या घराच्या माळ्यावर हातमाग आहे. त्यावर कापड नाही, दिवस विणले जातात. उभे धागे म्हणजे माणसं, आडवा धागा म्हणजे वेळ. पावडी उलटी दाबली की धोटा मागे धावतो आणि विणलेला दिवस उसवतो. नायिका एक मंगळवार उसवते, नीट विणते, गोष्ट संपते. बेळगावात वडगावच्या बाजूला मागांचा खटखटाट लहानपणापासून ऐकलेला, त्यामुळे वर्णन बरं जमलं होतं. टाळ्या मिळाल्या. मग एका सीनियरने विचारलं, “उसवलेला धागा कुठे गेला?” मी म्हटलं, “तोच परत वापरला की. जादूचा माग आहे.” सगळे हसले. मला राग आला, कारण प्रश्न बरोबर होता.

राग शांत करायला मी पुस्तकं काढली. (साहित्याचे विद्यार्थी दुसरं काय करणार!) महाभारताच्या आदिपर्वात उत्तंक नागलोकात जातो, तिथे दोन स्त्रिया काळ्या-पांढऱ्या धाग्यांनी कापड विणताना त्याला दिसतात. शेजारी बारा आऱ्यांचं चाक, ते सहा मुलगे फिरवतायत. पुढे गुरू उलगडा करतात: धागे म्हणजे रात्र आणि दिवस, चाक म्हणजे वर्ष, मुलगे म्हणजे ऋतू. म्हणजे काळमाग माझ्या खूप आधीच कुणीतरी शोधून ठेवला होता! पण त्या बायका उसवत नाहीत. उसवते ती होमरच्या ‘ओडिसी’तली पेनेलोपी. सासऱ्यासाठी कफन विणते, दिवसा विणलेलं रात्री उसवते, आणि लग्नासाठी मागे लागलेल्यांना तीन वर्षं थोपवून धरते. चौथ्या वर्षी दासीकडून बिंग फुटतं. मला वाटायचं, ही काळ मागे नेते. नाही. तिची तीन वर्षं गेली ती गेलीच. तिने फक्त पुढचा दिवस लांबवला. आणि हॅरी पॉटरमधलं टाइम-टर्नर? हर्मायनी ते एकाच वेळी दोन-दोन तासांना बसायला वापरते. पुढे रोलिंगबाईंनी मंत्रालयातला सगळा साठाच फोडून टाकला. माझा अंदाज, त्यांनाही ते आवरेना.

एवढं वाचूनही धाग्याचं उत्तर मिळालं नाही. ते घरातच होतं.

तो मंगळवार खरा आहे. गेल्या पावसाळ्यातला. आजीने संध्याकाळी खालून हाक मारली. मला वाटलं, तेर्साला बोलावतेय. आमच्याकडे जपमाळेला तेर्सच म्हणतात. असाइनमेंट अर्धी होती. मी इयरफोन कानात घातले. नंतर नाही, हाक ऐकल्यावर घातले. आई कामावरून आली तेव्हा आजी स्वयंपाकघरात जमिनीवर पडली होती, खुब्याचं हाड मोडलेलं. ऑपरेशन झालं, आता ती वॉकर घेऊन चालते. सगळ्यांना मी सांगितलं, गाणी चालू होती, ऐकू आलं नाही.

बैठकीनंतरच्या रविवारी मिसाहून आलो तर आजी खिडकीत बसून माझा शाळेतला मरून स्वेटर उसवत होती. मावसबहिणीच्या बाळासाठी टोपडं करायचंय म्हणाली. मला समोर बसवलं, दोन्ही हात पुढे करायला लावले आणि लडी गुंडाळायला लागली. लोकर सरळ नव्हती. जिथे जिथे टाका होता तिथे वळण, नूडल्ससारखं.

“आज्जी, हे असंच विणणार?”

“असंच कसं? लडी बांधून धुवायची, मग ओली असताना खाली ओझं लावून टांगायची.”

“मग सरळ होते?”

“होते की. पण नव्या लोकरीसारखी नाही व्हायची. हाताला कळतंच.”

सीनियरच्या प्रश्नाचं उत्तर माझ्या मनगटांवर गुंडाळलं जात होतं. माझ्या गोष्टीतला धागा फार शहाणा होता, उसवला की सगळं विसरून गुळगुळीत होणारा. तसा धागा मला हवा होता म्हणून तर मी ती गोष्ट लिहिली.

हात अडकलेले असल्यामुळे उठून जाता येत नव्हतं. मी म्हटलं, “आज्जी, त्या दिवशी तू हाक मारलीस ना, ती मला ऐकू आली होती.”

तिचा हात थांबला नाही.

“ठाऊक आहे. वर खुर्ची सरकल्याचं ऐकलं मी. उठलीस म्हणून वाट बघितली.”

पुढे काय बोलावं कळेना. उठले होते ते इयरफोन घ्यायला, हे सांगायचं होतं. सांगितलं. तिने बराच वेळ काही म्हटलं नाही. खाली रस्त्यावर कुणीतरी स्कूटर चालू करायचा प्रयत्न करत होतं.

“हात वर धर, बाय,” ती म्हणाली. “गुंता होतोय.”

संध्याकाळी लडी धुतली आणि मागच्या अंगणात दोरीला टांगली. ओझं म्हणून आजीने खाली खलबत्त्यातला बत्ता बांधायला सांगितला. आठचा तेर्स झाला, मी शेवटपर्यंत बसले. तोवर लोकरीतून पाणी गळतच होतं.